यथाशक्ति म्हणजे किती?

कोणत्याही मंगलकार्याच्या आरंभी यजमान हातात पाणी घेऊन संकल्प सोडतो, तेव्हा गुरुजी त्याच्याकडून जे शब्द वदवून घेतात त्यांत ‘यथाशक्ति’ हा एक शब्द हटकून असतो. देशकालाचा उच्चार, गोत्र आणि नाम यांचा घोष, यांच्या ओघात तो इतक्या त्वरेने येऊन जातो की यजमानाच्या मुखातून बाहेर पडला तरी त्याच्या मनात तो उतरत नाही. मराठीत त्याचा अर्थ ‘जमेल तितके’ असा रूढ झाला आहे. पण ‘जमेल तितके’ म्हणजे काय, हे ज्याच्या त्याच्या स्वभावावर जाते. हौशी मनुष्यास तो शब्द ‘ओढूनताणून जमविता येईल तितके’ असा ऐकू येतो, तर कृपणास ‘टाळता येईल तितके टाळून उरेल ते’ असा.

व्याकरणाने मात्र या शब्दास असे मोकळे सोडलेले नाही. हा अव्ययीभाव समास होय. त्यातील ‘यथा’चे चार अर्थ वैयाकरण मानतात: योग्यता, वीप्सा, पदार्थानतिवृत्ति आणि सादृश्य. यांपैकी तिसऱ्याचे उदाहरण म्हणून परंपरेने ‘यथाशक्ति’ हाच शब्द दिला जातो. पदार्थानतिवृत्ति म्हणजे सांगितलेल्या वस्तूचे उल्लंघन न करणे. तेव्हा ‘यथाशक्ति करीन’ असे म्हणणारा यजमान ‘माझ्या शक्तीची मर्यादा ओलांडणार नाही’ असे हातातील पाण्याच्या साक्षीने सांगत असतो. दानशूरतेची घोषणा म्हणून हा शब्द उच्चारला जात असेल तर तो चुकीचा उच्चारला जात आहे.

दुसरीकडे, व्रतदानांच्या प्रकरणांत शास्त्रकारांनी ‘वित्तशाठ्य’ निषिद्ध मानले आहे. शाठ्य म्हणजे लबाडी. जवळ असून नसल्याचे दाखविणे, हलके द्रव्य भारी म्हणून वाहणे, हे सारे त्यात येते. अशा रीतीने गृहस्थाच्या दोन्ही बाजूंस एकेक कुंपण घातलेले आहे. एका बाजूस शक्तीच्या पलीकडे जाऊ नये हे, दुसऱ्या बाजूस शक्ती लपवू नये हे. मधली वाट किती रुंद आहे, हा प्रश्न मुलीचे लग्न ठरल्या दिवशी ऐन घरात येऊन उभा राहतो, आणि त्याचे उत्तर रुपयांत द्यावे लागते.

बंगळूरची चिकपेट ही या प्रश्नाची जणू पाठशाळाच आहे. पहिल्या केंपेगौडाने १५३७ च्या सुमारास वसविलेल्या जुन्या नगरात दोड्डपेटे म्हणजे मोठी पेठ, आजचा अव्हेन्यू रोड, आणि चिक्कपेटे म्हणजे लहान पेठ, हे दोन रस्ते एकमेकांस छेदतात. नाव लहान पेठेचे खरे, परंतु असंख्य कुटुंबांच्या आयुष्यातील सर्वांत मोठ्या खर्चाचा श्रीगणेशा येथेच होतो. रेशमी साड्यांची दुकाने येथे, लग्नपत्रिका सुलतानपेटेत, बांगड्या बळेपेटेत, फुले कृष्णराजेंद्र मार्केटात. २०१७ साली भुयारी आगगाडी पेठेच्या पोटातून धावू लागली, तेव्हापासून तर दूरच्या वसाहतींतील मंडळीही पिशव्या घेऊन थेट या गल्ल्यांच्या तोंडाशी येऊन उतरतात. मराठी माणसास ही पेठ परकी नाही. विजापूरच्या फौजेने १६३८ मध्ये बंगळूर घेतले व ते शहाजीराजांकडे आले. पुढे १६८७ मध्ये ते म्हैसूरच्या चिक्कदेवराजांकडे गेले, तरी घरात मराठी व दुकानात कन्नड बोलणारी कुटुंबे या भागात राहिली, त्यांत देशस्थ आहेत, भावसार आहेत, नामदेव शिंपी आहेत.

अशाच एका गृहस्थाचे चित्र डोळ्यांपुढे आणावे. तो तीस वर्षे साडीच्या दुकानात गादीवर बसून गिऱ्हाइकांपुढे घड्या उलगडीत आला आहे. जर चांदीची की तांब्याची, हे त्याच्या बोटांना कळते. गिऱ्हाईक किमतीपाशी अडखळले की “लग्न काय पुन्हा पुन्हा होते का?” हे वाक्य त्याने हजारो वेळा उच्चारले आहे, आणि त्या वाक्यासरशी हात मागे घेतलेली आई पुन्हा साडीकडे हात नेते हेही त्याने पाहिले आहे. आता त्याच्याच मुलीचे लग्न ठरले आहे. भविष्यनिर्वाह निधीत थोडी रक्कम आहे. मुलाच्या शिक्षणाची दोन वर्षे उरली आहेत. पत्नीच्या गुडघ्यांची शस्त्रक्रिया वैद्यांनी सांगून ठेविली आहे, आणि ती बिचारी ‘लग्नानंतर पाहू’ म्हणून पुढे ढकलते आहे.

थोरले भाऊ येतात आणि म्हणतात, “एकुलती एक मुलगी. देवाने तुला दिले आहे आणि तू हात आखडतोस, याला वित्तशाठ्य म्हणत नाहीत तर काय?” मुलगी स्वतः मिळवती आहे. ती म्हणते, “अण्णा, तुम्ही दुकानात गिऱ्हाइकाला जे सांगता, ते घरी स्वतःला सांगू नका.” दोघांच्याही बोलण्यात प्रेम आहे. म्हणूनच हा प्रश्न अवघड आहे. एका बाजूस दुष्टपणा असता तर गीता उघडावी लागली नसती.

प्रथम विधी तरी काय मागतो ते पाहावे. अंतरपाट, अक्षता, मधुपर्कासाठी दही आणि मध, सूत्रवेष्टनासाठी सुताचा धागा, होमासाठी समिधा व तूप, लाजाहोमासाठी साळीच्या लाह्या, वधूने पाय ठेवावयाचा एक दगड, आणि सप्तपदीसाठी तांदळाच्या सात राशी. अनेक मराठी घरांत वधू प्रत्यक्ष विधीस बसते ती पिवळ्या अष्टपुत्रीत, म्हणजे साऱ्या बस्त्यातील बहुधा सर्वांत स्वस्त वस्त्रात. सातव्या पावलावर विवाह पूर्ण होतो असे मनूने म्हटले आहे. या सर्व साहित्याचा खर्च चिकपेटेतील एका मध्यम साडीइतकाही होत नाही. उरलेला सारा खर्च विधीच्या भोवती उभा राहिलेला आहे.

परंतु यावरून ‘भोवतालचे ते सर्व व्यर्थ’ असे कोणी म्हणेल तर तेही घाईचे होईल. विवाह हा दोन कुळांचा मेळ आहे, आणि माणसे जमल्यावाचून मेळ होत नाही. १८७५ साली पुणे जिल्ह्यात सुपे येथे सावकारांविरुद्ध शेतकऱ्यांचा दंगा उसळला व तो पुढे अनेक गावांत पसरला. सरकारने नेमलेल्या चौकशी मंडळापुढे शेतकरी कर्जात का बुडाला हा प्रश्न होता, आणि ‘लग्नकार्यातील उधळपट्टीमुळे’ हे उत्तर त्या वेळी सर्वांच्या जिभेवर होते. मंडळाने हिशेब पाहून त्याच्या उलट नोंद केली. लग्नखर्चाला कर्जाचे कारण म्हणून वाजवीपेक्षा अधिक महत्त्व दिले गेले आहे. असे प्रसंग क्वचित येतात. आणि अनेक वर्षांच्या मानाने पाहिले तर कुळाने आपल्या कौटुंबिक आनंदासाठी केलेला तो खर्च काही अवाजवी ठरत नाही, असा त्या नोंदीचा आशय आहे. गरिबाच्या चुलीपाशी बसून उपदेश करणाऱ्यांनी ही नोंद लक्षात ठेवावी. गरीब मनुष्य लग्नात चार दिवस हसला म्हणून बुडाला, असे म्हणणे सोपे असते. व्याजाचा दर पाहणे अवघड असते.

मग कर्ज काढावे काय? ‘ऋण काढून सण’ करणाऱ्यास आपल्याकडे हसतात, परंतु धर्मशास्त्र याविषयी हसून मोकळे झालेले नाही. कुटुंबाने फेडलेच पाहिजे असे कोणते ऋण, हे सांगताना कात्यायनाने कन्येच्या विवाहासाठी काढलेले ऋण त्यात गणले आहे. थोरल्या भावास हे वचन सापडले तर तो आनंदाने दाखवील. पण त्या यादीत या ऋणाच्या शेजारी कोण बसले आहे तेही पाहावयास हवे. रोगासाठी काढलेले ऋण, प्रेतकार्यासाठी काढलेले ऋण. म्हणजे जेथे मनुष्यापुढे दुसरा मार्ग नसतो, अशा प्रसंगांच्या पंक्तीत शास्त्रकाराने कन्याविवाह बसविला. त्यास अभिप्रेत होता तो विवाह, म्हणजे वर सांगितलेली सात पावले आणि त्यांना साक्षी असलेल्या माणसांचे जेवण. पुष्पसज्जित व्यासपीठ त्या पंक्तीत येऊन बसू लागले तर रोग्याच्या शेजारी त्याची शोभा कशी दिसेल, हे ज्याचे त्याने ठरवावे.

याज्ञवल्क्याचे स्त्रीधनासंबंधीचे वचन याहून अधिक सूक्ष्म आहे. पत्नीच्या स्त्रीधनास हात लावण्याची मुभा पतीला दुष्काळ, धर्मकार्य, व्याधी आणि अटक अशा चारच प्रसंगी आहे. या स्मृतीवर विज्ञानेश्वराने मिताक्षरा लिहिली ती चालुक्यांच्या कल्याणी नगरीत, म्हणजे आजच्या कर्नाटकातील बसवकल्याणात. आता आपल्या गृहस्थाकडे वळावे. पत्नीच्या चार बांगड्या आणि तिच्या गुडघ्यांसाठी बाजूस ठेवलेली रक्कम त्याच्या डोळ्यांपुढे येते. त्याचे मन म्हणते, लग्न हे धर्मकार्यच नव्हे काय? होय, परंतु बांगड्या मोडल्या जाणार आहेत त्या लाह्यांसाठी नव्हे. त्या जाणार आहेत सायंकाळच्या स्वागतसमारंभासाठी, दोनशे माणसे अधिक बोलाविता यावीत यासाठी. धर्मकार्य हा शब्द पुढे करून शोभेचा खर्च मागील दाराने आत घेणे हेच खरे पाहता शाठ्य होय. आणि गंमत अशी की, त्याच यादीत ‘व्याधी’ हा शब्द स्पष्ट आहे. पत्नीचे धन ज्या कारणासाठी वापरावयास शास्त्राची निःसंशय अनुमती आहे, ते कारण तिच्याच गुडघ्यांत आहे.

येथे ‘यथाशक्ति’ शब्दाचे दुसरे अंग उघडे होते. शक्ती कोणाची? संकल्प ज्याने सोडला त्याची. मुलाच्या शिक्षणाचा पैसा ही मुलाची शक्ती आहे, पत्नीच्या आरोग्याचा पैसा ही पत्नीची. तो पैसा यजमानाच्या नावे पेढीत असेल, पण नाव असणे निराळे आणि शक्ती असणे निराळे. दुसऱ्याची शक्ती आपल्या संकल्पात ओतणारा यजमान व्याकरणाच्या दृष्टीनेही चुकतो. त्याची पुढील पाच वर्षांची मिळकत ही तरी त्याची शक्ती आहे काय? अंशतः आहे. जे ऋण प्रकृती धडधाकट असता, नोकरी टिकली असता, घरात कोणी उपाशी न राहता फिटेल, त्यास शक्तीच्या आत धरता येईल. ‘कसेतरी फिटेल’ या शब्दांवर उभे असलेले ऋण शक्तीच्या बाहेरचे. येथे गणित करावे, गीतेचे पान उलटण्यापूर्वी करावे, आणि कागदावर करावे. जुन्या मंडळींनी लग्न ठरताना देण्याघेण्याची ‘यादी’ लिहिण्याची पद्धत पाडली ती काही केवळ मानपानासाठी नव्हती. क्वचित दोन्ही घरची मंडळी इतकी समंजस निघत की यादी झाली त्याच बैठकीत लग्न उरकून टाकीत, आणि ‘यादीपे शादी’ असा शब्दच त्यावरून पडला. हुंड्याची कलमे त्या याद्यांत असत हा त्यांचा कलंक. १९६१ च्या कायद्याने हुंडा गुन्हा ठरला. पण अंक आधी लिहून काढण्याची सवय कलंकाबरोबर टाकून देण्याचे कारण नव्हते.

थोरल्या भावाचे दुसरे शस्त्र म्हणजे ‘लोक काय म्हणतील’. गीतेच्या तिसऱ्या अध्यायात भगवंतांनी लोकसंग्रह सांगितला आहे, आणि अनेकांचा असा समज होतो की लोकांच्या बोलण्यास मान देणे म्हणजेच लोकसंग्रह. वास्तविक दोहोंची दिशा उलट आहे. पहिल्यात मनुष्य लोकांकडे पाहून आपले पाऊल टाकतो. दुसऱ्यात, आपल्या पावलाकडे लोक पाहणार आहेत हे जाणून तो ते नीट टाकतो. त्याच प्रकरणात श्रेष्ठ जसे वागतो तसे इतर वागतात असे सांगितले आहे, तेव्हा साधेपणाचा आरंभ ज्याच्याजवळ आहे त्याने करावा, ज्याच्याजवळ नाही त्याच्यावर तो लादू नये. सधनाने थाट करावयाचा आणि कारकुनाला काटकसरीचे पाठ द्यावयाचे, हे लोकसंग्रहाचे विडंबन आहे.

अशी पावले टाकणारे होऊन गेले आहेत. पुण्यात २५ डिसेंबर १८७३ रोजी जोतीराव फुले यांच्या सत्यशोधक समाजाने पहिला विवाह अत्यल्प खर्चात लावला. पुरोहितावाचून विवाह ही गोष्ट ज्यांना मान्य होणार नाही, त्यांनाही त्या अल्प खर्चामागील करुणा मान्य व्हावी. कर्नाटकात महाकवी कुवेंपू यांनी ‘मंत्रमांगल्य’ ही साधी विवाहपद्धती आखली आणि १९६६ मध्ये स्वतःच्या पुत्राचा, पूर्णचंद्र तेजस्वींचा, विवाह तशाच रीतीने केला. धर्मस्थळ क्षेत्रात १९७२ पासून सामुदायिक विवाह होत आले आहेत. वधूस मंगळसूत्र व साडी आणि वरास वस्त्रे क्षेत्राकडूनच मिळतात.

तर आपल्या गृहस्थाने कागद घेतला आणि खर्च छाटावयास बसला असे समजावे. खरी परीक्षा येथपासून आहे, कारण काटकसर हे काही स्वतःसिद्ध पुण्य नव्हे. ती कोठे केली यावर तिचे मोल ठरते. पहाटे कृष्णराजेंद्र मार्केटात माळा विकणाऱ्या बाईशी दहा रुपयांसाठी घासाघीस करणे फार सोपे असते. आचाऱ्याच्या हाताखालील पोऱ्यांची मजुरी तोडणे त्याहून सोपे, कारण ते पोरे काही बोलत नाहीत. मोठ्या पेढीत सोन्याची घडणावळ मात्र तोच मनुष्य निमूटपणे देऊन येतो. अशा काटकसरीत शक्तीची मर्यादा पाळली जात नाही, दुर्बळाच्या अंगावरून ओलांडली जाते. ज्याने तीस वर्षे गादीवर बसून दुसऱ्यांची घासाघीस सोसली, त्याला हे पुस्तकातून शिकावे लागू नये.

सतराव्या अध्यायात तामस यज्ञाचे एक लक्षण असे सांगितले आहे की त्यात अन्नदान नसते. त्याच ठिकाणी दंभासाठी केलेला यज्ञ राजस म्हटला आहे. लग्नाच्या मांडवात हे दोन्ही दोष एकदम कसे नांदू शकतात पाहा. पदार्थ वीस, आणि ताट अर्धे टाकलेले. दाराशी बसलेल्याला मात्र मंडप उतरेपर्यंत काही मिळत नाही. पदार्थ पाच असावेत, भात आणि सार गरम असावे, ड्रायव्हरला आणि वाजंत्र्यांना पंक्तीत बसवावे. याने खर्च कमी होतो आणि अन्नदान वाढते. बंगळुरात मंगलकार्यालयास अजूनही पुष्कळजण ‘छत्र’ म्हणतात. हा शब्द मूळचा अन्नछत्राचा, धर्मशाळेचा. रेल्वे स्थानकाजवळ गुब्बी तोटदप्पांनी १९०३ मध्ये वाटसरूंसाठी उभारलेले छत्र प्रसिद्ध आहे. बंगळूर सोडून तंजावरास गेलेल्या एकोजीराजांच्या वंशजांनीही तिकडे वाटसरूंसाठी छत्रे बांधली. जेथे अनोळख्यास फुकट अन्न मिळे त्या वास्तूचे नाव आज दिवसाच्या भाड्याने घ्यावयाच्या दिवाणखान्यास चिकटले आहे.

सर्वांत दुखरी छाटणी निमंत्रणाच्या यादीची. तीनशेंचे दीडशे करावयाचे म्हटले की लेखणी प्रथम कोणाच्या नावावर जाते, हे मनुष्याने स्वतःच पाहावे. मालकाचे नाव राहते, वकिलाचे राहते. खेड्यातील विधवा आत्या, गुलबर्ग्याकडील चुलत मेहुणा, दुकानातील हमाल, ही नावे पहिल्या फेरीत गळतात. कारण ती माणसे तक्रार करणार नाहीत. ज्यांच्याशी पुढे काम पडेल त्यांना बोलाविणे, ही राजस दानाचीच एक जात आहे; गीतेने त्यास प्रत्युपकाराच्या आशेचे दान म्हटले आहे. आपला गृहस्थ रात्री दिव्याखाली बसून आत्याचे नाव खोडतो, पुन्हा लिहितो. शेवटी सायंकाळचा स्वागतसमारंभच तो रद्द करतो, कारण कामाकाजाची माणसे त्या समारंभाचीच होती, आणि सकाळच्या मुहूर्तास आत्यासाठी जागा होते. भाऊ दोन दिवस बोलत नाहीत. याची भरपाई कोणत्याही हिशेबात होत नाही, आणि ती होईल असे त्याला आश्वासनही देता येत नाही.

राहता राहिला आहेर. ‘आहेर आणू नये’ अशी ओळ पत्रिकेवर छापावी असे मुलीचे म्हणणे. ते योग्यच दिसते. घरात जुन्या आहेरांची वही आहे. कोणी किती दिले आणि त्याच्या घरी उलट किती गेले, अशा दोन रकान्यांची. वरवर पाहता हाच तो प्रत्युपकार, हेच ते राजस दान. परंतु वही नीट वाचली तर निराळेही दिसते. ज्या घरी मांडव पडला त्या घरी शंभर हातांनी थोडे थोडे द्यावे, आणि ज्याच्या त्याच्या पाळीला ते त्याच्याकडे परत जावे. बिनव्याजी पतपेढीच ती, जिचे कार्यालय कोठेही नव्हते. दंग्याच्या काळातील सावकारापेक्षा ती वही पुष्कळ दयाळू होती. तिला एका छापील ओळीने बंद करणाऱ्याने, आपल्याला आजवर मिळालेले व अद्याप न फेडलेले आहेर तरी मोजून पाहावेत. जेथे कार्य व्हावयाचे आहे त्या घरांची नावे निराळ्या कागदावर उतरवून ठेवावीत, आणि ती वेळ येईल तेव्हा जाऊन द्यावे.

आणि लग्नाच्या सकाळी ती ओळ न वाचलेली, किंवा वाचूनही न मानणारी आत्या खणाची घडी आणि नारळ घेऊन येईल. त्या वेळी पत्रिकेचा दाखला देऊ नये. मुलीने उठून, दोन्ही हात पुढे करून तो खण घ्यावा, आत्याला वाकून नमस्कार करावा, आणि कोणीतरी वहीत तिचे नाव लिहावे.